घरातली झुरळं: कोणतं मारायचं, कोणतं अडवायचं, कोणतं सोडून द्यायचं

दुकानात झुरळांचं औषध मागितलं की दुकानदार फवाऱ्याचा डबा, खडू किंवा जेलची नळी पुढे करतो. झुरळ लहान की मोठं, हे तो विचारत नाही आणि बहुतेकदा आपणही नीट पाहिलेलं नसतं. खरं तर सगळा उपाय त्यावरच ठरतो. ट्रॉलीच्या बिजागरीत पिढ्यान्‌पिढ्या वाढणारं लहान झुरळ आणि रात्री मोरीच्या जाळीतून वर येणारं मोठं झुरळ यांचे उपाय पार वेगळे आहेत. एकाचा उपाय दुसऱ्यावर केला की पैसे जातात आणि झुरळं तिथेच राहतात.

जगात झुरळांच्या साडेचार हजारांहून अधिक जाती नोंदल्या गेल्या आहेत. माणसाच्या वस्तीला चिकटलेल्या त्यांतल्या जेमतेम तीसेक. आपल्याकडच्या घरांत खरी डोकेदुखी होते ती दोन जातींची, फार तर तिसरीची. उरलेली पालापाचोळ्यात, सालीखाली, मातीत राहतात आणि कुजलेलं खाऊन मातीला परत देतात. तीही कधीतरी वाट चुकून घरात येतात आणि उगाच चपलेखाली जातात.

आधी टॉर्च, मग औषध

स्वयंपाकघराचा दिवा मालवून दीड-दोन तास थांबा. टॉर्चच्या काचेवर लाल जिलेटिन कागद रबराने बांधा. झुरळांना लाल उजेड फारसा दिसत नाही, त्यामुळे ती पळायच्या आत पाहता येतात. सिंकखाली, गॅसच्या शेगडीमागे, फ्रिजच्या मागच्या बाजूला कॉम्प्रेसरजवळ, ट्रॉलीच्या रुळांत, मिक्सरच्या बुडाशी आणि मोरीच्या जाळीवर उजेड टाका.

जर्मन झुरळ दीड सेंटिमीटरच्या आत-बाहेर असतं. रंग फिकट तपकिरी आणि डोक्यामागच्या ढालीवर दोन काळ्या उभ्या रेघा. पंख असतात, पण ते उडत नाही. पिल्लं काळपट असतात आणि पाठीवर मधोमध फिकट पट्टा असतो. मादीच्या मागे टोकाला चिकटलेली अंड्यांची फिकट डबी दिसली तर शंका उरत नाही. २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासानुसार हे झुरळ सुमारे २१०० वर्षांपूर्वी भारत किंवा म्यानमारच्या परिसरात आशियाई झुरळापासून वेगळं झालं. म्हणजे नावाने जर्मन, मुळाने शेजारचंच. आज ते रानात कुठेच स्वतंत्र राहत नाही. माणसाच्या इमारतीबाहेर त्याचा निभाव लागत नाही.

अमेरिकन झुरळ साडेतीन-चार सेंटिमीटरचं, तांबूस तपकिरी, ढालीला पिवळसर कडा असलेलं. हे मूळचं आफ्रिकेतलं, जहाजांतून जगभर पसरलेलं. राहणं गटारात, ड्रेनेजच्या चेंबरमध्ये, पाइपांच्या डक्टमध्ये. उकाड्याच्या दमट संध्याकाळी ते उडतंही, आणि घरात आरडाओरडा होतो तो त्यामुळेच.

तिसरं पट्टेरी झुरळ, जर्मनपेक्षाही थोडं लहान, अंगावर दोन फिकट आडवे पट्टे. त्याला ओल लागत नाही, ऊब लागते. म्हणून ते टीव्हीमागे, सेट-टॉप बॉक्समध्ये, कपाटाच्या वरच्या खणात, फोटोफ्रेममागे सापडतं. स्वयंपाकघरात एकही नाही आणि बेडरूममध्ये लहान झुरळं दिसताहेत, तर आधी याचा संशय घ्या.

कधी पांढरंशुभ्र झुरळ दिसतं. ती वेगळी जात नव्हे. नुकतीच कात टाकलेली असते आणि काही तासांत अंगाला रंग चढतो. मात्र असं झुरळ उघड्यावर दिसणं म्हणजे आत गर्दी बरीच आहे, असं समजायला हरकत नाही.

झुरळ हाती लागलं नाही तरी खुणा बोलतात. जर्मनची विष्ठा म्हणजे मिरपूड भुरभुरल्यासारखे किंवा पेनाने टिंबं काढल्यासारखे डाग, बहुधा बिजागरीभोवती आणि लाकडाच्या फटीच्या तोंडाशी. अमेरिकन झुरळाची लेंडी दोनेक मिलिमीटरची, टोकं बोथट, अंगावर बारीक उभ्या रेषा. उंदराच्या लेंडीची टोकं निमुळती असतात. हा फरक न कळल्यामुळे कित्येक घरांत झुरळांसाठी उंदराचं औषध टाकलं जातं.

चिकट सापळ्यांनी मोजणी

टॉर्चने जात कळते, जागा मात्र सापळ्याने कळते. गोंदाचे पुठ्ठ्याचे सापळे सहा ते आठ घ्या. प्रत्येकावर जागा आणि तारीख लिहा. ते भिंतीला किंवा कोपऱ्याला अगदी चिकटवून ठेवा, कारण झुरळ कडेकडेने चालतं. खोलीच्या मधोमध ठेवलेला सापळा रिकामाच राहतो. सिंकखाली दोन, फ्रिजमागे एक, शेगडीजवळच्या खालच्या कप्प्यात एक, ट्रॉलीच्या मागे एक, मोरीत एक. तीन रात्रींनी मोजा.

एकाच सापळ्यात दहा-बारा आणि त्यांत बहुतेक पिल्लं असतील, तर घरटं तिथून हातभर अंतरावर आहे. पिल्लं फार लांब जात नाहीत. सगळी मोठीच सापडली, तीही मोरीतल्या सापळ्यात, तर ती बाहेरून येताहेत. हे आकडे लिहून ठेवा. पुढे औषध लागू पडलं की नाही हे त्यावरूनच कळणार आहे. निव्वळ सापळ्यांनी झुरळं संपवायचा विचार मात्र सोडा.

जर्मन झुरळ: लढाई घराच्या आतली

हे इतकं चिवट का, ते त्याच्या गणितात आहे. एका डबीत ३० ते ४० अंडी. मादी ती डबी पिल्लं बाहेर पडायच्या वेळेपर्यंत अंगालाच बाळगते, त्यामुळे अंडी फवाऱ्यापासून आणि मुंग्यांपासून सुरक्षित राहतात. आपल्या उकाड्यात अंड्यापासून प्रौढ व्हायला साधारण दोन महिने पुरतात, आणि एक मादी आयुष्यात चार-पाच वेळा तरी डबी धरते. नुकतं जन्मलेलं पिल्लू मिलिमीटरभर फटीत शिरतं.

पहिले दोन दिवस औषधाला हात लावू नका. ट्रॉल्या रुळांवरून काढून बाहेर घ्या. शेगडी उचलून खालचा चिकटा भांड्यांच्या साबणाने पुसा. फ्रिज पुढे ओढा. मागचा पाण्याचा ट्रे काढून धुवा, तो बहुतेक घरांत वर्षानुवर्षं कोणी पाहिलेला नसतो. व्हॅक्यूम क्लीनर असेल तर अरुंद तोंड लावून फटी ओढून घ्या आणि पिशवी लगेच बांधून घराबाहेर टाका. समोर आलेल्या झुरळांवर लिटरभर पाण्यात दोन चमचे भांड्यांचा लिक्विड सोप घालून ते पाणी मारा. साबणाने त्यांची श्वासाची छिद्रं बुजतात आणि ती मरतात. मागे विष उरत नाही.

रात्री सिंक कोरडं करा. गळका नळ दुरुस्त करा, ओला फडका पिळून बाहेर वाळत घाला. जर्मन झुरळ अन्नावाचून, पाणी मिळालं तर, महिनाभर काढू शकतं. पाण्यावाचून मात्र त्याला दोन आठवडेही जड जातात. डबे झाकण्यापेक्षा पाणी तोडणं जास्त कामाचं, आणि नेमकं तेच राहून जातं. खरकटं आणि चिकटा साफ करायचं दुसरं कारण म्हणजे पुढे ठेवणार असलेलं जेल, म्हणजे विष मिसळलेलं आमिष, त्या घरातलं सर्वांत चवदार अन्न ठरलं पाहिजे.

तिसऱ्या दिवशी जेल. नळीवर पाहा: इमिडाक्लोप्रिड २.१५ टक्के किंवा फिप्रोनिल ०.०५ टक्के हे आपल्याकडे सर्रास मिळणारे घटक. ठिपका ज्वारीच्या दाण्याएवढा. मध्यम उपद्रव असलेल्या साध्या स्वयंपाकघरात असे पन्नास-साठ ठिपके, म्हणजे अंदाजे ५ ते ७ ग्रॅम जेल लागतं. उपद्रव जास्त असेल तर त्याच्या दुप्पट. नेमकं प्रमाण मात्र लेबलवरचं पाळा. मोठे गोळे दहा ठिकाणी ठेवण्यापेक्षा बारीक ठिपके पन्नास ठिकाणी ठेवा, कारण लपलेलं झुरळ चार-पाच फुटांपलीकडे खायला क्वचित जातं. बिजागरीच्या आतल्या बाजूला, खणांच्या वरच्या कोपऱ्यांत, ट्रॉलीच्या चौकटीच्या मागे, सिंकच्या खालच्या कडेला, ओट्याखाली पाइप भिंतीत शिरतो तिथे, फ्रिजच्या दाराच्या रबराबाहेर खालच्या अंगाला. सापळ्यात जिथे जास्त सापडली तिथे दाट ठेवा.

तेलकट किंवा धुळीच्या जागी जेल धरत नाही, शेगडीच्या तापणाऱ्या भागावर ते वितळून ओघळतं. लाकूड खराब व्हायची भीती असेल तर मास्किंग टेपचा तुकडा चिकटवून त्यावर ठिपका द्या, नंतर टेपसकट काढता येतो. स्विचबोर्डच्या आत नळी घालू नका.

आता सर्वांत जास्त घडणारी चूक. जेल लावलं, दोन दिवसांनी एक झुरळ दिसलं, म्हणून डबा काढून फवारा मारला. फवाऱ्यातली बहुतेक औषधं पायरेथ्रॉइड वर्गातली असतात. ती जिथे पडतात तिथून झुरळं दूर पळतात, म्हणजे जेलपासूनही. फिनेलने पुसलेल्या जागेचंही तेच. शिवाय शहरांतल्या जर्मन झुरळांमध्ये या वर्गाच्या औषधांना प्रतिकार बऱ्याच प्रमाणात आला आहे. जेल चालू असेपर्यंत त्या भागात फवारा, खडू, फिनेल काही नको. आधी फवारा मारला असेल तर ती जागा साबणाच्या पाण्याने धुऊन, वाळवून मगच ठिपके द्या.

जेल मुद्दाम सावकाश मारतं. खाल्लेलं झुरळ लपायच्या जागी परत जातं, तिथे त्याची विष्ठा आणि मेल्यावर त्याचं शरीर पिल्लं खातात, आणि विष पुढे सरकतं. तिसऱ्या-चौथ्या दिवशी दिवसाढवळ्या झिंगलेली झुरळं बाहेर येतील. उपद्रव वाढला असं वाटेल, तसं नसतं. झाडून गोळा करा आणि थांबा.

सातव्या दिवशी ठिपके तपासा. फस्त झालेत तिथे पुन्हा द्या. तसेच सुकून पडलेत तिथे जागा चुकली आहे, ते काढून हलवा. चौदाव्या दिवशी सापळे नव्याने लावा आणि दुसरी फेरी करा. ही फेरी टाळता येत नाही: डबी बाळगणारी मादी कोपऱ्यात बसून राहते, फारसं खात नाही, त्यामुळे पहिल्या फेरीतून ती वाचते आणि तिची पिल्लं नंतर बाहेर पडतात. तिसरी फेरी महिन्याने.

सहा आठवड्यांनीही सापळ्यातले आकडे उतरले नाहीत तर नुसता घटक बदलून भागत नाही, कंपनीही बदला. जर्मन झुरळांच्या काही वस्त्यांना ग्लुकोज कडू लागतं, असं २०१३ साली संशोधकांनी दाखवून दिलं. गोड आमिषांना बळी पडून उरलेल्यांची ही संतती. ती विषाला नव्हे, त्याच्या गोडीला नाकारते. आमिषाचा पाया बदलला की तीच झुरळं खाऊ लागतात.

फ्लॅटमध्ये राहणाऱ्यांसाठी आणखी एक गोष्ट. स्वयंपाकघराला लागून असलेली शेजारची भिंत आणि वर-खाली जाणारा डक्ट यांतून झुरळं ये-जा करतात. वरचा, खालचा आणि लगतचा फ्लॅट यांनी एकाच आठवड्यात जेल लावलं तर त्याचा उपयोग टिकतो. आणि नवी झुरळं घरात बहुधा चालत येत नाहीत, आपणच आणतो: जुना विकत घेतलेला फ्रिज, किराण्याचे पुठ्ठ्याचे खोके, अंड्यांचे ट्रे, कांद्याची पोती. खोके दारातच रिकामे करून बाहेर टाका.

अमेरिकन झुरळ: वाट बंद करणं हाच उपाय

इथे जेल दुय्यम. घरात एक-दोन दिसतात, पण वस्ती चेंबरमध्ये शेकड्यांनी असते. मादी एका डबीत १४ ते १६ अंडी घालते. डबी गडद तपकिरी, राजम्याच्या लहान दाण्यासारखी, आठेक मिलिमीटरची, आडोशाला चिकटवलेली. दिसली तर चिमट्याने काढून साबणाच्या पाण्यात बुडवा. फवाऱ्याने ती मरत नाही. पिल्लू मोठं व्हायला सहा महिने ते वर्ष लागतं. त्यामुळे वाट एकदा नीट बुजवली की फरक बराच काळ टिकतो.

सुरुवात मोरीपासून. मोरीच्या जाळीखालच्या नहाणी ट्रॅपमध्ये दोनेक इंच पाणी कायम साठलेलं असतं आणि तेच गटार आणि घर यांच्यामधलं दार असतं. वापरात नसलेल्या बाथरूममध्ये हे पाणी आटतं आणि दार उघडं पडतं. बंद फ्लॅट उघडल्यावर मोठी झुरळं मेलेली सापडतात ती यामुळे. अशा मोरीत आठवड्याला एक-दोन लिटर पाणी ओता. महिना-दोन महिने गावाला जायचं असेल तर पाण्यावर दोन चमचे खाद्यतेल सोडा, बाष्पीभवन मंदावतं.

नंतर बेसिनखाली वाकून पाहा. बेसिनचा लवचीक पाइप जमिनीतल्या मोठ्या पाइपात नुसता खुपसलेला आणि भोवती बोटभर फट, हे दृश्य आपल्याकडे घरोघरी आहे. वॉशिंग मशीनच्या पाण्याच्या नळीचंही तेच. तिथे रबरी कॉलर बसवा; ती मापाची न मिळाल्यास एम-सील लावा. मोठं झुरळ अंग चेपून तीनेक मिलिमीटरच्या फटीतून जाऊ शकतं, म्हणून 'थोडीशी फट' चालत नाही. जाळीची भोकं मोठी असतील तर झाकणाची, आतून वाटी बसणारी स्टीलची जाळी बसवा. बाथरूमच्या एक्झॉस्टला आणि डक्टकडच्या खिडकीला बारीक जाळी, मुख्य दाराखाली रबराची पट्टी.

पावसाळ्यात चेंबर भरले की झुरळं वर सरकतात. म्हणून सोसायटीच्या चेंबरची तडकलेली झाकणं आणि त्यांच्या कडा मे महिन्यातच दुरुस्त करून घ्या. जुलैत औषध मारण्याचा त्यापुढे काही उपयोग नाही. चेंबरमध्ये रॉकेल ओतायची जुनी सवय सोडा: आगीचा धोका, आणि झुरळं जवळच्या घराकडे पळतात.

पट्टेरी झुरळासाठी जेलच, पण खाली नव्हे, वर: कपाटाच्या छताकडच्या कोपऱ्यात, टीव्हीच्या स्टँडमागे, पडद्याच्या पेल्मेटच्या आत. त्याच्या डब्या फर्निचरच्या तळाला झुबक्याने चिकटवलेल्या असतात, त्या खरवडून काढा.

ज्यांना मारायचं काही कारण नाही

कुंडीत पाणी घातलं की मातीतून वर येणारं, चकचकीत काळपट, दोन सेंटिमीटरचं, झपकन पुन्हा मातीत घुसणारं झुरळ म्हणजे सुरिनाम झुरळ. याच्या बहुतेक वस्त्यांत सगळ्या माद्याच असतात. नराशिवाय त्यांना पिल्लं होतात. ते स्वयंपाकघरात घर करत नाही. कंपोस्टच्या डब्यात ते उपयोगी काम करतं. कुंड्यांत फार झालं तर कोवळी मुळं कुरतडतं, तेव्हा कुंडी बादलीभर पाण्यात तासभर बुडवून ठेवा, वर येतील ती काढून घ्या. कोंबड्या पाळणाऱ्यांनी मात्र ते खुराड्याजवळ वाढू देऊ नये, कारण कोंबड्यांच्या डोळ्यांतल्या एका कृमीचा ते वाहक आहे.

पावसाळ्याच्या सुरुवातीला ट्यूबलाइटभोवती येणारी, हलकी, नीट उडणारी लहान झुरळं पाहून लोक जर्मन समजून घाबरतात. जर्मन उडत नाही आणि उजेडाकडे येत नाही, उजेड पाहून पळतं. ही बाहेरची, गवत-पालापाचोळ्यातली. खिडकीला जाळी आणि संध्याकाळी दिवा जरा कमी, एवढं पुरे.

दक्षिण भारतातल्या कोरड्या झुडपी रानांत काळ्या अंगावर पांढरे ठिपके असलेलं एक देखणं झुरळ आढळतं. ठिपक्यांमुळे ते चावऱ्या भुंगेऱ्यासारखं दिसतं आणि बचावतं. पिल्लं मातीत वाढतात. हे झुरळ परदेशांत हौसेने पाळलं जातं.

आणि खिडकीच्या काचेवर एक काळी, लांब पायांची गांधीलमाशी चालताना दिसते, जिचं बारीकसं पोट झेंड्यासारखं वर-खाली हलत असतं. ती माणसाला चावायला येत नाही. अमेरिकन झुरळाच्या डबीत ती आपलं अंडं घालते आणि तिची अळी आतली सगळी अंडी खाऊन टाकते. हिरव्या-निळ्या धातूच्या झळाळीची दुसरी गांधीलमाशी मोठ्या झुरळाला डंख मारून, मिशीला धरून बिळात नेते. या दोघी वारंवार दिसत असतील तर आसपास मोठ्या झुरळांची वस्ती आहे, ही फुकटची सूचना समजा. फवारा मारून त्यांना संपवू नका. पालीलाही राहू द्या.

जे चालत नाही, आणि जे जपून

तमालपत्र, काकडीची सालं, अल्ट्रासाउंडची प्लगमध्ये लावायची यंत्रं यांचा उपयोग होत नाही. डांबरगोळ्यांनी झुरळ एका खणातून दुसऱ्या खणात जातं. खोली बंद करून धूर सोडणारे फॉगर तर उलटच: २०१९ साली अमेरिकेतल्या घरांत केलेल्या पाहणीत त्यांनी जर्मन झुरळं कमी झाली नाहीत, औषध मात्र ओट्यावर आणि जमिनीवर साचलं.

बोरिक पावडर खरंच चालते, पण लोक ती ढिगाने टाकतात. जाड थर दिसला की झुरळ वळसा घालून जातं. फ्रिजमागे, ट्रॉलीखाली, पाइपाच्या भोकात जेमतेम धूळ दिसेल इतकी फुंका, आणि जागा कोरडी हवी. कणीक-साखर-दुधाच्या गोळ्या करायच्या तर बोरिक पावडर एक भाग आणि बाकी जिन्नस मिळून तीन-चार भाग ठेवा. जास्त घातली तर खातच नाहीत. परिणामाला आठवडा-दहा दिवस लागतात. रांगणारं मूल किंवा कुत्रं-मांजर असेल तर गोळ्या नकोतच, कारण त्या खाऊसारख्या दिसतात. कोणी गिळलीच तर पाकीट सोबत घेऊन लगेच डॉक्टरकडे जा.

फवाऱ्याचे डबे ज्वालाग्राही असतात. शेगडी आणि देवघरातला दिवा विझवल्याशिवाय वापरू नका. माशांची टाकी असलेल्या खोलीत तर नाहीच, पायरेथ्रॉइड माशांना फार घातक. घरात दम्याचा रुग्ण असेल तर जेल-सापळ्यांचा मार्गच बरा. झुरळांची विष्ठा आणि टाकलेली कात यांनीही दमा बळावतो, म्हणून झुरळं संपल्यावर कपाटांच्या मागची धूळ कोरडी झाडू नका, ओल्या फडक्याने पुसा.

पेस्ट कंट्रोलवाल्याला बोलावलं तर आधी परवान्याची प्रत, औषधाचं नाव आणि टक्केवारी लेखी मागा. 'हर्बल' एवढंच उत्तर आलं तर नळी हातात घेऊन लेबल वाचा. डायक्लोरव्हॉस, म्हणजे पूर्वी घरोघरी वापरलं जाणारं नुवानसारखं औषध, २०२० च्या अखेरीपासून देशात बंद आहे. बिनलेबलच्या बाटलीतून उग्र वासाचं काही फवारायला निघाला तर थांबवा. जर्मन झुरळांसाठी एकाच फेरीचा दर सांगत असेल तर दोन आठवड्यांनीची दुसरी फेरी त्याच पैशांत लिहून घ्या. आणि तो येण्यापूर्वी लावलेले सापळे तारखेसह त्याला दाखवा, म्हणजे तो सगळ्या घरभर शिंपडत बसणार नाही.

सापळे शून्यावर आल्यावरही दोन लावलेले राहू द्या, एक सिंकखाली, एक फ्रिजमागे. महिन्यातून एकदा पाहा. एकच जर्मन झुरळ सापडलं तरी त्या जागेभोवती लगेच आठ-दहा ठिपके द्या. या टप्प्यावर अर्धा-एक ग्रॅम जेल पुरतं.